दंताळं आणि कॉफी

फिनलंडच्या खेड्यात बर्फ वितळला की गेल्या वर्षीची पानं खालून तशीच वर येतात. काळी, चिकट, एकमेकांना बिलगलेली. ती ओढायला मे महिन्यातल्या एका संध्याकाळी लोक गावघरापाशी जमतात. सगळ्यांनी मिळून बिनपगारी करायच्या अशा कामाला म्हणतात ‘तालकोत’. कुणीतरी माझ्या हातात दंताळं दिलं, नावगाव न विचारता.

शब्द मोठा गमतीचा. तो कायम अनेकवचनी. एकट्याने करायचं म्हटलं तर व्याकरणच आडवं येतं.

अर्धा तास कुणी चकार शब्द काढला नाही. आपल्याकडे एव्हाना एक अध्यक्ष आणि तीन फोटोग्राफर तयार झाले असते! मग कॉफी आली. या देशात माणशी वर्षाला दहाएक किलो कॉफी संपते आणि कामगार करारांतही कॉफीची सुट्टी लिहिलेली असते. तालकोतात तर तीच मजुरी. सोबत पुल्ला, म्हणजे वेलची घातलेला गोड पाव. तो वेलचीचा वास सुटला आणि गप्पाही सुटल्या.

तसे हे लोक हिशेबाला पक्के. खेड्यातले बरेच रस्ते खासगी. त्यावर ज्यांची घरं, शेतं, जंगलं, त्यांची मिळून ‘तिएकुंता’, म्हणजे रस्तामंडळी. बर्फ काढायचा, खडी टाकायची, खर्च वापराप्रमाणे. कुणाच्या लाकडाचे ट्रक जातात, कोण नुसता उन्हाळ्यापुरता येतो, सगळं एककांत मोजलेलं. दंताळं ओढल्याचे तास मात्र कुठल्याच वहीत नाहीत.

आपल्याकडेही असंच होतं की. सावडीत, म्हणजे एकमेकांच्या शेतात आळीपाळीने राबण्यात, तुझे दोन दिवस तर माझेही दोन. इर्जिकीत मात्र गावाची औतं यायची, शेत नांगरून व्हायचं आणि पंगत उठायची. कोण किती राबलं, कुणी विचारत नसे.

फिनलंडमधलं चारेक हजार वस्तीचं काउस्तिनेन गाव 1968 पासून दर उन्हाळ्यात लोकसंगीताचा महोत्सव भरवतं, तेही अशाच बिनपगारी हातांवर. तिथलं व्हायोलिनवादन 2021 साली युनेस्कोच्या अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत गेलं. त्या यादीत खरकटी भांडी धुणाऱ्यांनाही जागा हवी होती, असं माझं मत.

निघताना दंताळं परत करायला मी मालक शोधू लागलो. एका आजोबांनी नुसतं भिंतीकडे बोट दाखवलं. तिथे आणखी सात-आठ दंताळी टेकलेली होती.