रांगणारा पाद्री

दुपारी जेवून आडवी पडले आणि फोनवर एक मुका चित्रपट लावला. १९२८ सालचा, फ्रेंच, चाळीसेक मिनिटांचा. नाव 'शिंपला आणि पाद्री', दिग्दर्शन जर्मेन द्युलाक या बाईंचं. सुरुवातीलाच एक पाद्री शिंपल्यातून काचेच्या चंबूत काहीतरी ओततो आणि चंबू खाली सोडून देतो. मग दुसरा, मग तिसरा. खाली काचांचा ढीग. आमच्याकडे एक ग्लास फुटला तरी आई आधी "हलू नकोस!" म्हणून ओरडते. आवाज नसतानाही मी पाय वर घेतले.

पुढं हा बुवा पॅरिसच्या रस्त्यांवरून चक्क रांगत जातो. एका बाईचा ध्यास, अंगात पाद्र्याचा झगा; देव सुटत नाही आणि बाई मिळत नाही. इंग्रजांच्या सेन्सॉरनं म्हणे शेरा मारला होता, की हे इतकं गूढ आहे की जवळजवळ निरर्थकच, आणि अर्थ असलाच तर तो आक्षेपार्ह असणार.

मला अर्थ लगेच लागला.

आठवीत मी दर गुरुवारी दत्ताच्या देवळात जायला लागले. आई खूश. आरतीत एक मुलगा झांज वाजवायचा, नेहमी अर्धा ठोका उशिरा. 'घालीन लोटांगण'ला सगळे स्वतःभोवती फिरतात ना, तेवढीच त्याच्याकडे राजरोस बघायची संधी. मी जरा सावकाश फिरायचे. पण समोर दत्त, त्याला तोंडं तीन! एकाचं तरी लक्ष असणारच, या विचारानं घाम फुटायचा. मग प्रायश्चित्त म्हणून अकरा प्रदक्षिणा. तो नेमका दाराशी बसलेला, म्हणजे अकरा वेळा पुन्हा तेच पाप. शेवटी अभ्यासाचं निमित्त काढून जाणंच सोडलं. तीर्थ घ्यायला हात पुढं करताना अजूनही मी जराशी चोरटी होते.

तेवढ्यात आई डोकावली.

"हा कोण गं? आणि असा रांगतोय का?"

"पाद्री आहे. प्रेमात पडलाय."

"बरं," म्हणाली आणि गेली. चार वाजता चहाचं आधण ठेवताना तिनं आतूनच विचारलं, "उठला का गं तो मग?"