लुव्हेनला जाताना माती नेऊ नका

नागपुरात अमरावती रोडवरच्या आमच्या विभागातल्या फ्रिजमध्ये मातीच्या सहा पिशव्या होत्या. कळमेश्वरकडच्या कपाशीच्या शेतातली काळी माती. उन्हाळ्यात तिला ज्या भेगा पडतात तोच माझ्या पीएचडीचा विषय. बेल्जियममधल्या लुव्हेन विद्यापीठात बारा आठवडे काम करायला मिळणार होतं. पिशव्या बॅगेत टाकायच्या आणि निघायचं, एवढा साधा बेत मी केला होता.

माझ्या गाइड मॅडमनी आधी तिकडे मेल करायला लावला म्हणून वाचले. युरोपीय संघाबाहेरच्या जवळपास सगळ्या देशांतून माती आत न्यायला बंदी आहे. मातीबरोबर सूत्रकृमी, बुरशी, काय काय जातं. संशोधनासाठी सूट मिळते, पण तिचा परवाना तिकडच्या प्रयोगशाळेने काढायचा आणि तो पाकिटासोबत लागतो. आमच्या बाबतीत त्यात दोन महिने गेले. मी पोचले आणि माती तीन आठवड्यांनी कुरियरने आली. आपल्या बाजूलाही 2002 चा जैवविविधता कायदा आहे. मातीत जिवाणू असतात, त्यामुळे नमुने परदेशी देताना तो लागू होतो का आणि सहकार्य प्रकल्प म्हणून सूट बसते का, हे विद्यापीठाकडून लेखी घेऊन ठेवा. व्हिसाच्या आधी हे काम करा. व्हिसा पंधरा दिवसांतही होऊ शकतो, मातीचं तसं नाही.

व्हिसासाठी मी रात्रीची दुरांतो पकडून मुंबईला गेले आणि दुसऱ्या रात्री परत. नव्वद दिवसांच्या आत राहणार असाल तर शेंगेनचा (युरोपातल्या बहुतेक देशांत चालणारा) छोटा व्हिसा पुरतो, पण पोचल्याचा आणि निघाल्याचा असे दोन्ही दिवस त्यात धरतात. माझ्या ओळखीच्या एका मुलाचं तिकीट एक्क्याण्णवाव्या दिवसाचं निघालं; बदलायला पैसे गेले ते गेलेच. प्रवास विमा किमान 30,000 युरोचा हवा. यजमान प्राध्यापकाच्या पत्रात तारखा, कामाचं स्वरूप आणि खर्च कोण करणार हे तिन्ही असू द्या. नुसतं ‘सहर्ष स्वागत’ लिहिलेलं पत्र चाललं नाही, माझ्याकडे नवं मागितलं गेलं.

निघण्यापूर्वी विभागात जो भेटेल तो एकच विचारत होता, “कोणत्या नेटवर्कमधून चाललीस?” जगातली मोठी विद्यापीठं आपापसात संघ करतात, आणि त्या संघात शिरलं की दारं उघडतात, असा आपल्याकडे एक समज आहे. माझाही होता. तिथे आंतरराष्ट्रीय विभागात काम करणाऱ्या एका बाईंनी कॉफीवर तो उतरवला.

लुव्हेन एकाच वेळी अशा अनेक संघांत आहे. त्यातला ‘लेरू’, म्हणजे युरोपातल्या संशोधन विद्यापीठांची लीग, 2002 साली 12 विद्यापीठांनी सुरू केला. आता सदस्य 24 आहेत. त्याचं कार्यालय लुव्हेनमध्येच आहे आणि ब्रसेल्स तिथून रेल्वेने अर्ध्या तासावर. हे सोयीचंच, कारण त्यांचं मुख्य काम ब्रसेल्समध्ये आहे: धोरणावर निबंध लिहायचे, संशोधनाचा पैसा कसा वाटावा यावर आपलं म्हणणं मांडायचं. ‘होरायझन युरोप’ या युरोपीय संघाच्या 2021 ते 2027 च्या संशोधन कार्यक्रमाची रक्कम 95.5 अब्ज युरो ठरली होती, तेव्हा म्हणणं मांडायला माणसं लागणारच. मला आपला साखर संघ आठवला. संघ ऊस गाळत नाही, दरासाठी दिल्लीला जातो. लेरूकडे प्रवेशासाठी किंवा शिष्यवृत्तीसाठी मेल करणं म्हणजे साखर संघाकडे पाव किलो साखर मागणं. (मी केला होता. अतिशय सभ्य उत्तर आलं.)

दुसरा प्रकार शिकवण्याचा. 2019 पासून युरोपीय संघ विद्यापीठांच्या गटांना पैसे देऊन एकत्र अभ्यासक्रम चालवायला लावतो. पहिल्या फेरीत असे 17 गट होते, आता साठाच्या वर आहेत. लुव्हेन ज्यात आहे तो ‘उना युरोपा’. त्यात बोलोन्या, हेलसिंकी, क्राकूव्हही आहेत. या गटाची युरोपीय अभ्यासाची एक संयुक्त पदवी आहे. मुलं एका गावात सुरुवात करतात, दुसऱ्यात जातात आणि क्रेडिट सोबत फिरतात. ऐकायला सोपं वाटतं, पण बाई म्हणाल्या की सगळ्यात जास्त भांडणं परीक्षेच्या तारखा आणि गुणांच्या पद्धतीवरून होतात. हे ऐकून मला अगदी घरी आल्यासारखं वाटलं.

तिसरा प्रकार जगभर पसरलेल्या क्लबांचा. 2006 मध्ये ऑक्सफर्ड, केंब्रिज, येल, टोकियो, सिंगापूर अशा दहा विद्यापीठांनी मिळून एक आंतरराष्ट्रीय संघ काढला. केप टाउन नंतर आलं. सुरुवातीच्या दहांत भारतातलं कुणी नव्हतं. त्याआधीचा 1997 चा ‘युनिव्हर्सिटास 21’ आहे. अशा संघांच्या उन्हाळी शाळा असतात, पण त्या बहुधा सदस्य विद्यापीठांच्या मुलांसाठीच. अर्ज करण्याआधी ‘कोणाला’ ही ओळ वाचा.

मग आपण कुठून शिरायचं? माझी वाट अशी: मॅडमनी आणि लुव्हेनच्या माझ्या यजमान सरांनी आठ वर्षांपूर्वी मातीतल्या चिकणमातीच्या खनिजांवर एक शोधनिबंध एकत्र लिहिला होता. बस. तेव्हा करारही नव्हता, तो नंतर झाला. आपल्याकडे सामंजस्य करार म्हटला की शाल, श्रीफळ, फोटो. खरा करार मागच्या परिशिष्टात असतो, आणि ते फोटोत दिसत नाही. त्यात पाहण्यासारख्या गोष्टी: बेंच फी (प्रयोगशाळा वापरण्याचं शुल्क) आहे का आणि कोण भरणार, मोजमापांची मालकी कोणाची, निबंधावर नावं कोणत्या क्रमाने, उपकरण बिघडलं तर काय. माझ्या परिशिष्टात बेंच फीचा उल्लेखच नव्हता. पोचल्यावर चौथ्या दिवशी बिल आलं. सरांनी ते त्यांच्या प्रकल्पातून भागवलं, पण ती रात्र मी झोपले नाही.

पुढचा विचार करणाऱ्यांसाठी दोन गोष्टी. यूजीसीच्या 2022 च्या नियमांनी परदेशी विद्यापीठांबरोबर ट्विनिंग, संयुक्त आणि दुहेरी पदवी असे तीन मार्ग आखून दिलेत. संयुक्त पीएचडीत दोन्हीकडे एकेक गाइड, दोन्हीकडे किमान एक सत्र आणि प्रबंध एकच. त्याचा करार सुरुवातीलाच करून घ्या. प्रबंध लिहायला घेतल्यावर कोणी करून देत नाही. आणि पीएचडीनंतर युरोपात संशोधन करण्यासाठीच्या मारी क्युरी फेलोशिपला राष्ट्रीयत्वाची अट नाही. मात्र अर्जाच्या आधीच्या 36 महिन्यांत, ज्या देशात जायचं त्या देशात 12 महिन्यांपेक्षा जास्त राहिलेले चालत नाही. माझे बारा आठवडे यात आरामात बसतात.

लुव्हेन गावाबद्दल. ब्रसेल्सच्या विमानतळावरून थेट रेल्वेने पाव तास, टॅक्सी करू नका. खोली तीन महिने आधी शोधा. ग्रोट बेगाइनहोफ नावाची जुन्या विटांची वस्ती विद्यापीठाने 1962 मध्ये विकत घेतली आणि तिथे विद्यार्थी-पाहुण्यांना जागा मिळते. मला नाही मिळाली, मी रोज तिच्यातून चालत जायचे. सायकल भाड्याने घ्या, रात्री दिवा नसेल तर दंड होतो. रविवारी दुकानं बहुतेक बंद, म्हणून शनिवारीच भाजी. ‘आल्मा’ नावाच्या विद्यार्थी उपाहारगृहांत शाकाहारी मिळतं, पण चवीला आपलं तिखट सोबत ठेवा.

एक दुपार मात्र विद्यापीठाच्या ग्रंथालयासाठी राखून ठेवा. विद्यापीठ 1425 चं, पण चौकातली ही इमारत शंभरेक वर्षांची आहे. 1914 च्या ऑगस्टमध्ये जर्मन सैन्याने जुनं ग्रंथालय जाळलं. व्हर्साय तहात जर्मनीने पुस्तकं भरून द्यावीत असं कलम घातलं गेलं, आणि नवी इमारत अमेरिकेतल्या देणग्यांतून उभी राहिली. देणाऱ्या शाळा-कॉलेजांची नावं भिंतींच्या दगडांवर कोरली आहेत. मी पाऊस थांबेपर्यंत ती वाचत होते. आपल्याकडच्या देवळाच्या पायऱ्यांवर ‘अमुक यांच्या स्मरणार्थ’ असतं ना, अगदी तसंच. 1940 मध्ये ते पुन्हा जळलं.

आणि मग 1968. फ्लेमिश की फ्रेंच या वादात विद्यापीठच दुभंगलं, फ्रेंच भाग दुसरीकडे नवं गाव वसवून गेला. पुस्तकं वाटताना बरीचशी वाटणी सम आणि विषम क्रमांकांवर झाली. नागपूरच्या माणसाला वाटणीचं नवल नसावं. आमची राजधानी गेली, बदल्यात हिवाळी अधिवेशन मिळालं. पण पुस्तकांची सम-विषम वाटणी ऐकून मीही गप्प झाले. आज ती दोन विद्यापीठं एकत्र संशोधन करतात.

डिसेंबरच्या मध्याला परतले तर इथे अधिवेशनामुळे सिव्हिल लाइन्सचे अर्धे रस्ते बंद होते. घरी पोचायला विमानतळावरून दीड तास लागला.

करारानुसार परतभेट तिकडच्या सरांची होती. पाहुण्याला नागपुरात नोव्हेंबर ते फेब्रुवारीत बोलवा, असं मी कोणालाही सांगेन. पण आमच्या भेगा मे महिन्यातच पूर्ण उघडतात, त्यामुळे ते मेमध्ये आले. तुमच्यावरही अशी वेळ आली तर: पर्यटक ई-व्हिसावर पाहुण्याला शेतात नमुने घ्यायला नेऊ नका, संशोधनाचा व्हिसा वेगळा असतो. पहाटे पाचला निघा, दहाच्या आत शेतातून बाहेर. वाटेत तर्री पोहे खायला घाला, पण तर्री वेगळ्या वाटीत मागा. सावजी पहिल्या दिवशी नको. तीन-तीन बाटल्या पाणी, मीठ-साखरेची पाकिटं आणि पूर्ण बाह्यांचे शर्ट.

शेताच्या बांधावर शेतकरी काका आमच्याआधी येऊन बसले होते. सर गुडघ्यावर बसले आणि एका भेगेत हात घालू लागले तसे ते ओरडले, “ओ पाहुणं, हात नका घालू, साप राह्यते त्यात!” मी भाषांतर करेपर्यंत हात कोपरापर्यंत आत गेला होता. तळ लागला नव्हता.