सीडै फुटते तेव्हा

चकली तुटते, करंजी तेलात उघडते, अनारसा हसतो, हे सगळं आपण बघितलेलं असतं. पण पदार्थ कढईतून आपल्यावर गोळ्या झाडतो हे मला चेन्नईत राहायला आल्यावर कळलं.

पदार्थाचं नाव सीडै. तांदळाच्या पिठात थोडं भाजलेल्या उडदाचं पीठ, लोणी, तीळ, हिंग, ओलं खोबरं घालून वळलेल्या बोराएवढ्या गोळ्या, तळून एकदम कडक. उप्पू सीडै म्हणजे खारी, वेल्ल सीडै गुळाची. गोकुळाष्टमीला इथल्या कितीतरी घरांत दारापासून देवघरापर्यंत ओल्या पिठाने कृष्णाची छोटी छोटी पावलं काढतात आणि नैवेद्याला लोण्यासोबत ही हवीच. आपलं बरं असतं, पोहे-दही कालवलं की गोपाळकाला तयार.

समोरच्या फ्लॅटमधल्या मामींकडून (इथे, विशेषतः तमिळ ब्राह्मणांत, वयाने मोठ्या बाईला मामी म्हणतात आणि गंमत म्हणजे अर्थ आपलाच, मामाची बायको) कृती घेतली, म्हणजे त्यांनी अर्धी तमिळमध्ये सांगितली आणि मी पाव समजून घेतली. दुकानातलं तयार पीठ आणलं, मीठ तसंच वरून भुरभुरलं आणि गुलाबजामसारख्या मस्त गुळगुळीत गोळ्या वळल्या, एकालाही चीर नाही, कारण चीर राहिली की तेलात फुटतं हे आईने डोक्यात इतकं घट्ट बसवलंय.

पहिला घाणा टाकला. दोन मिनिटं शांतता. मग फट्ट! मग फट्ट फट्ट फट्ट, आणि मी झाऱ्या टाकून फ्रिजच्या मागे. एक गोळी थेट छताला लागली. नवरा हॉलमधून ओरडला, काय गं, दिवाळी?

मामी आवाज ऐकूनच आल्या, आधी गॅस बंद केला, मग ताटातली उरलेली एक गोळी उचलून म्हणाल्या, "रोम्ब अळगु." म्हणजे फार सुंदर. आणि तिथेच चुकलं होतं. गोळी वरून लिंपल्यासारखी गुळगुळीत झाली की आतल्या पाण्याची वाफ बाहेर कुठून पडणार, ती मग कवच फोडूनच येते. सीडै दोन बोटांत हलकेच, ओबडधोबड वळायची, भेगा दिसल्या पाहिजेत, वर सुईने टोचायची आणि सुती कापडावर थोडा वेळ सुकू द्यायची. मीठ पाण्यात विरघळवून घालायचं. उडदाचं पीठ चाळूनच, त्यात कणी राहिली तरी धोका. आणि तांदूळ धुऊन, सावलीत निथळून, घरी दळून ते पीठ भाजायचं, कुठवर, तर चिमटीतून त्याची रांगोळीसारखी सलग रेघ पडेपर्यंत. हे मला फार आवडलं, ना थर्मामीटर ना घड्याळ, रेघ काढून बघा.

पुढच्या वर्षी अगदी तसंच केलं. वाकड्यातिकड्या गोळ्या वळताना हात शिवशिवत होते खरं सांगते, सारखं वाटायचं जरा नीट करावी. मंद-मध्यम आचेवर तळल्या, तेलाचा चुरचुर आवाज हळूहळू थांबला, की काढायच्या. फक्त एक फुटली, तीही हळू आवाजात.

छतावरचा तेलाचा डाग मात्र अजून आहे. घरमालक मागे एकदा आले होते, चहा पिता पिता त्यांनी वर बघितलं, माझ्या पोटात गोळा. ते एवढंच म्हणाले, "सीडै?"