दोन मथळे

८ डिसेंबर २०१४ च्या दुपारी केप टाऊनच्या उच्च न्यायालयाचा निकाल आला, तेव्हा मी एका मराठी दैनिकात परदेशी बातम्यांच्या डेस्कवर उपसंपादक होतो. पत्नी अ‍ॅनीच्या खुनाचा कट रचल्याच्या आरोपातून श्रीन देवानी याची मुक्तता झाली होती, आणि तीही बचाव पक्षाला एकही साक्षीदार उभा करावा न लागता.

प्रकरण आमच्या वाचकांना परके नव्हते. स्वीडनमध्ये वाढलेली अ‍ॅनी आणि ब्रिस्टलचा व्यावसायिक श्रीन यांचे लग्न २०१० च्या ऑक्टोबरअखेरीस मुंबईत पवईला झाले होते. त्यानंतर पंधराच दिवसांनी, १३ नोव्हेंबरच्या रात्री, मधुचंद्राला गेलेल्या या दोघांची टॅक्सी केप टाऊनच्या गुगुलेथू वस्तीत अडवण्यात आली. श्रीनला वाटेत उतरवले गेले आणि सकाळी खायेलित्शात त्याच गाडीत अ‍ॅनीचा मृतदेह सापडला. ती २८ वर्षांची होती.

महिनाभरात टॅक्सीचालक झोला टोंगो याने गुन्हा कबूल करून शिक्षेत सवलत मिळवली आणि नवऱ्याने या कामासाठी १५ हजार रँड कबूल केले होते, असे सांगितले. त्या रात्री मथळा मीच दिला होता: ‘नवऱ्यानेच दिली सुपारी’. त्यात अवतरणचिन्ह नव्हते आणि ‘आरोप’ हा शब्दही नव्हता. हे म्हणणे स्वतःची शिक्षा कमी करून घेणाऱ्या माणसाचे आहे, ही गोष्ट मी बातमीच्या शेपटाला टाकली होती.

न्यायमूर्ती जिनेट ट्रॅव्हर्सो यांनी नेमकी हीच साक्ष विसंगतींनी भरलेली ठरवली. सरकार पक्षाचा पुरावा संपल्यावर त्यावरून दोषी ठरवता येण्याजोगे काहीच उरत नसेल, तर आरोपीला बचावाला न बोलावता सोडण्याची तरतूद तिथल्या कायद्यात आहे. आपल्याकडे २०२४ पर्यंत लागू असलेल्या फौजदारी प्रक्रिया संहितेतले कलम २३२ तिच्या जवळचे होते. वरिष्ठांनी ‘पुराव्याअभावी सुटका’ असे सुचवले. मी विरोध केला, कारण या शब्दांतून मराठी वाचक ‘केले त्यानेच, पण सुटला’ एवढेच वाचतो. बऱ्याच वेळाने ‘निर्दोष मुक्तता’ हे शब्द मान्य झाले.

न्यायालयाबाहेर अ‍ॅनीची बहीण म्हणाली की, त्या रात्री काय घडले ते सगळे श्रीनच्या तोंडून ऐकायचे, एवढीच कुटुंबाची इच्छा होती. आरोपीला बोलावे लागू नये हा त्याचा हक्क आहे हे मला पटते, पण तिचे ते बोलणे टाइप करताना माझे हात थांबले होते. मी त्याची बातमीशेजारी वेगळी चौकट केली.

२०१० ची बातमी पहिल्या पानावर पाच कॉलमांत गेली होती. निकालालाही तीच जागा मिळावी म्हणून मी पान लागेपर्यंत आग्रह धरला. बातमी आतल्या पानावर, दोन कॉलमांत छापून आली.