वर्ग 2 ची जमीन, शर्तभंगाची नोटीस आणि सहा वर्षं – माझा अनुभव

वडिलांनी 2004 ला गावाशेजारची दोन एकर जमीन घेतली. रीतसर खरेदीखत झालं, स्टॅम्प ड्युटी भरली, फेरफार मंजूर झाला, सातबाऱ्यावर नाव लागलं. तेरा वर्षं आम्ही ती कसली, विहीर पाडली, बांधावर आंबे लावले. वडील 2015 ला गेले आणि 2017 ला माझ्या नावानं नोटीस आली की ही जमीन शासनाने भूमिहीन शेतमजुराला दिलेली आहे, तिची विनापरवानगी विक्री झालेली आहे, तर शर्तभंग झाला म्हणून ती सरकारजमा का करू नये याचा खुलासा करा. मी तो कागद चार वेळा वाचला तरी मला कळेना, कारण आमच्या सातबाऱ्यावर तसं काहीच नव्हतं.

तलाठ्याकडे गेलो तर त्यांनी गाव नमुना 1-क, म्हणजे वर्ग 2 च्या जमिनींची नोंदवही काढली, त्यात आमचा गट नंबर होता. महसूल संहिता 1966 प्रमाणे वर्ग 1 म्हणजे विकायला मोकळी जमीन आणि वर्ग 2 म्हणजे हस्तांतरणावर बंधन असलेली, आणि सरकारने वाटलेल्या जमिनी या दुसऱ्या प्रकारात येतात, एवढं मला त्या दिवशी पहिल्यांदा कळलं. मग जुने हातानं लिहिलेले उतारे मागवले, त्यात इतर हक्कात ‘नवीन अविभाज्य शर्त’, म्हणजे परवानगीशिवाय विकता येणार नाही, असं स्पष्ट होतं. पुढच्या उताऱ्यावर ते नाही. दर काही वर्षांनी सातबारा नवीन लिहून काढायचे, त्यात तो शेरा गळाला आणि वडिलांनी बघितला तो नेमका शेरा गळालेला उतारा. पण खरं सांगायचं तर जमीन आजूबाजूच्या भावापेक्षा बरीच स्वस्त मिळाली होती आणि ती का स्वस्त आहे हे आमच्या घरात कोणी विचारलं नाही.

पहिल्या तारखेला मूळ मालकाची बायको आली होती, सोबत नातू. तक्रार नातवानेच केलेली, कारण शेजारून रस्ता गेला आणि जमिनीचा भाव वाढला. आजी बाहेर बाकावर बसलेल्या, मांडीवर नायलॉनची पिशवी. मी जवळ जाऊन बसलो तर म्हणाल्या, “तुझ्या बापानं पैसे दिले बाळा, खोटं कशाला बोलू. पोरीच्या लग्नाला लागले म्हणून विकली. पण साहेब म्हणतात तो कागदच चालत नाय.” पिशवीतून प्लॅस्टिकमध्ये गुंडाळलेला वाटपाचा आदेश काढून त्यांनी मला दिला, घड्यांवर फाटलेला, खाली नवऱ्याचा अंगठा, शाई फिकी जांभळी झालेली. त्यात सरळ लिहिलेलं होतं की जिल्हाधिकाऱ्यांच्या पूर्वपरवानगीशिवाय विक्री, गहाण, बक्षीस करता येणार नाही. मला त्या अटीचा रागच आला नाही. अडचणीत सापडलेल्या माणसाकडून कोणी कवडीमोलाने जमीन लिहून घेऊ नये म्हणूनच ती घातलेली आहे, आणि नेमकं तेच इथं घडलं होतं, आमच्या हातून.

मधल्या काळात एका एजंटने सांगितलं की आकाराच्या (शेतसाऱ्याच्या) 40 पट रक्कम भरा आणि विषय संपवा. आम्ही अर्जही केला, चार महिने गेले, मग अर्ज परत. ती सवलत कुळकायद्याने मिळालेल्या जमिनींसाठी आहे, 32-म चं, म्हणजे कुळाने जमीन खरेदी केल्याचं सर्टिफिकेट मिळून दहा वर्षं झाली असतील तर. दोन्ही जमिनी सातबाऱ्यावर वर्ग 2 च दिसतात म्हणून लोक गल्लत करतात. त्यामुळे कुठलाही अर्ज करायच्या आधी वर्ग 2 कशामुळे लागला ते शोधा: सरकारी वाटप, कुळ, इनाम-वतन की सीलिंग (जमीनधारणेची कमाल मर्यादा). प्रत्येकाचा रस्ता वेगळा आहे. त्यासाठी गट नंबरवरचे सगळे फेरफार मागे मागे जात थेट वाटपापर्यंत काढायचे, तहसीलच्या रेकॉर्ड रूममध्ये अर्ज करून नक्कल घ्यायची.

2018 ला उपविभागीय अधिकाऱ्यांचा निकाल विरोधात गेला, जमीन सरकारजमा. अपिलाला 60 दिवस असतात, त्यात नकलेसाठी लागलेला वेळ धरत नाहीत, पण त्या भरवशावर राहू नका, नकलेचा अर्ज त्याच दिवशी टाका. आणि अपिलासोबत स्थगितीचा अर्ज लावाच, नाहीतर अपील चालू असताना सातबाऱ्यावर सरकारचं नाव चढतं. वकिलांनी सर्वोच्च न्यायालयाचा 2009 चा निकाल लावला, संहितेच्या कलम 257 च्या फेरतपासणीचा, त्यात म्हटलंय की मुदत लिहिलेली नसली तरी अधिकार वाजवी वेळेतच वापरायला हवा. आमच्यात तर तेरा वर्षं गेली होती. अपर जिल्हाधिकाऱ्यांनी फेरचौकशीला पाठवलं, मग लॉकडाऊन आला, तारखाच बंद.

शेवटी नजराणा, म्हणजे सरकारला द्यायची रक्कम, भरून व्यवहार नियमानुकूल करायचा प्रस्ताव दिला. तलाठी, मंडळ अधिकारी, तहसीलदार, प्रांत, कलेक्टर ऑफिस, प्रत्येक टेबलावर एक त्रुटी निघायची, एकदा तर फक्त चतु:सीमेत एक नाव चुकलं म्हणून फाईल खाली आली. रक्कम रेडीरेकनरवर, म्हणजे सरकारने ठरवलेल्या बाजारभावावर निघाली, म्हणजे वडिलांनी 2004 ला काय दिलं त्याचा संबंधच नाही, आजचा भाव. बायकोचे दागिने गहाण पडले. 2023 च्या जूनमध्ये चलन भरलं, ऑगस्टमध्ये फेरफार मंजूर झाला.

आजींकडे मी त्यानंतर गेलो होतो, वकिलांनी नको म्हटलं तरी. काही रक्कम दिली, त्यांनी घेतली आणि पहिल्या पेरूच्या बहाराची आठवण काढत बसल्या, त्या जमिनीत त्यांनी कधीकाळी पेरू लावले होते. नातवाने खरेदीखत रद्द व्हावं म्हणून दिवाणी कोर्टात दावा लावलाय, तो चालूच आहे. महसूलचा निकाल तिथं पुरत नाही, तिथं साक्षीपुरावा नव्याने होतो. पुढची तारीख आजींच्या साक्षीची आहे.