बर्गी, मारबत आणि हत्तीचा कान

आमच्या घरात एक कपाट असं आहे, की त्यातलं एकही पुस्तक कुणी पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत वाचलेलं नाही. तरी सगळ्यात जास्त हाताळलं जातं ते हेच. म्हणींचे कोश, लोककथांचे संग्रह, देवादिकांच्या कथा आणि अर्ध्याअधिक आशियाचे इतिहास त्यात दाटीवाटीनं बसलेत. कादंबरी आपल्याला धरून ठेवते. या पुस्तकांचं तसं नाही. मधूनच कुठंतरी उघडायचं, चारदोन पानं चघळायची आणि एक शोधता शोधता भलतंच घेऊन उठायचं.

नागपूरचा मे महिना अशा वाचनासाठीच केलेला आहे. नवतपा लागला की भरदुपारी गल्लीत कुत्रंही फिरकत नाही. कूलरच्या घरघरीत लांबलचक कथानक काही डोक्यात टिकत नाही, म्हण मात्र टिकते. राक्षसाचा जीव पोपटात होता, हेही टिकतं.

बर्डीच्या फुटपाथवरून घेतलेलं म्हणींचं एक पुस्तक आहे. कसर लागलेलं, पुठ्ठा सुतळीनं बांधलेला. त्याच्या आधीच्या मालकानं (की मालकिणीनं?) सासू-सुनेच्या प्रत्येक म्हणीपुढे पेन्सिलीनं बारीक फुली मारली आहे. एकही सुटलेली नाही. ‘चार दिवस सासूचे, चार दिवस सुनेचे’ या म्हणीपुढे दोन फुल्या आहेत. आणि ‘खाण तशी माती’च्या शेजारी, शिसाचं टोक मोडेल इतकं दाबून लिहिलंय, ‘साफ खोटं’. संग्रह करणाऱ्यानं प्रस्तावनेत लोकजीवन वगैरे बरंच लिहिलंय, पण मला त्या दोन शब्दांतच एक अख्खं घर दिसलं. म्हणींची पुस्तकं छापण्याची हौस आपल्याकडे जुनी. मॅनवेअरिंग नावाच्या एका मिशनऱ्यानं तर मराठी म्हणी इंग्रजी अर्थासह १८९९ साली थेट ऑक्सफर्डहून छापून आणल्या. आमच्या आत्याला याचं काडीचं कौतुक नाही. ती बोलता बोलता तासाभरात डझनभर म्हणी टाकते आणि मी कोश उघडला की म्हणते, “पुस्तकात पाहून कोनी म्हन म्हनते का रे बाप्पा?”

पण या कपाटानं मला खरा दणका दिला तो बंगाली लोकगीतांच्या एका पुस्तकातून. त्यात एक अंगाई आहे. बंगालात शेंबड्या पोरालाही ती पाठ असते. बाळ झोपलं, आळी निवांत झाली आणि देशात बर्गी आले. बुलबुलांनी धान खाऊन टाकलं, आता सारा भरू कशानं? असा तिचा मतलब. बर्गी म्हणजे बारगीर, सरकारी घोड्यावरचा स्वार. आणि हे बारगीर निघाले होते कुठून? तर आमच्या नागपुरातून! रघूजी भोसल्यांचे ते. त्यांचा वाडा महालात आहे, तिथून माझी शाळा पायी अंतरावर होती. शाळेत आम्ही हा प्रकार एका वाक्यात शिकलो. बंगालवर दहा वर्षं स्वाऱ्या झाल्या, १७५१ च्या तहात बंगालच्या नवाब अलीवर्दीखानानं ओडिशा सोडला आणि सालाना बारा लाख रुपये चौथाई कबूल केली. वाक्य संपताना छाती जराशी फुगायची. त्याच दहा वर्षांत तिकडे कुणी आई पोराला थोपटत बुलबुलांचा हिशेब मांडत असेल, हे त्या वाक्यात मावणारच नव्हतं.

मग मी हात धुऊन बर्गींच्या मागे लागलो. कलकत्त्याच्या इंग्रजांनी १७४२ मध्ये या स्वारांच्या धास्तीनं शहराभोवती खंदक खणायला घेतला. तो पुरता झालाच नाही, बर्गी तिथवर पोचलेच नाहीत, आणि पुढे खंदक बुजवून त्यावर रस्ता झाला. हे ठीक. पण त्याहून मजेचं म्हणजे गंगाराम नावाच्या कवीचं त्याच काळातलं एक बंगाली काव्य, नाव ‘महाराष्ट्रपुराण’. नाव वाचून आपल्याला वाटावं की आपली आरती ओवाळली असेल. सुरुवात तर तशीच आहे. पापाचा भार झाला म्हणून पृथ्वी गाऱ्हाणं नेते, शंकर नंदीला शाहूराजाकडे पाठवतो आणि मराठी फौज जणू देवाच्याच हुकमानं निघते. पुढे मात्र कवी लुटालूट, जाळपोळ आणि गावं सोडून पळणारी माणसं एकेक करून मोजत जातो. ब्राह्मण-वैष्णवांनाही सोडत नाहीत म्हटल्यावर देवीच रागावते आणि बाजू बदलून नवाबाला अनुकूल होते. १७४४ मध्ये नवाबानं वाटाघाटीला बोलावून रघूजींचे सेनानी भास्करराम कोल्हटकर यांना मारलं, हे इतिहास सांगतो. का मारले गेले, ते पुराण सांगतं. या भास्कररामांनी त्याआधी, १७४२ च्या शरदात, कटव्याजवळ दुर्गापूजा मांडली होती आणि ऐन पूजेत नवाबानं छापा घातल्यानं त्यांना पळावं लागलं होतं. म्हणजे देवी कुणाची, हा वाद कवीनं हवेतून काढलेला नव्हता.

आमच्या शेजारी रेल्वेतून निवृत्त झालेलं एक बंगाली कुटुंब राहतं. तसं नवल नाही, बंगाल-नागपूर रेल्वे कंपनीच मुळी १८८७ ची. घोडे गेले, रूळ आले. काकूंना मी त्या अंगाईबद्दल विचारलं, तर त्यांनी ती चालीवर म्हणून दाखवली आणि अगदी सहज म्हणाल्या, “बर्गी म्हणजे तुम्हीच लोक ना?” मग चहात साखर किती घालू, ते विचारलं.

तेव्हापासून इतिहासाचं पुस्तक मी एकटं वाचत नाही. शेजारी त्या मुलखाचं लोकसाहित्य उघडं ठेवतो. म्हणींकडेही त्याच नजरेनं बघतो. अटकेपार झेंडा आपण अजून लावतो (१७५८). पानिपत तर आपलं रोजचंच आहे (१७६१), परीक्षेत होतं, भाजीचंही होतं. ‘ध’ चा ‘मा’ कचेरीत रोज होतो, नारायणराव पेशव्याच्या १७७३ मधल्या खुनाची आठवणही न ठेवता. त्यांच्याच पंगतीला लंकेची पार्वती बसलेली, सोन्याची लंका दक्षिणा म्हणून गमावून अंगावर फुटका मणी नसलेली. म्हणीला पुराण आणि इतिहास यांच्यात सोयरसुतकाचा फरक कळत नाही, आणि ते बरंच आहे. पण दहा वर्षं चाललेल्या बंगालच्या स्वाऱ्यांवर मराठीत एकही म्हण मला सापडली नाही. आत्यालाही विचारलं. तिनं जरा वेळ आठवून पाहिलं आणि म्हणाली, “ज्याचं धान गेलं तो गाईन ना रे. ज्यानं नेलं तो कायले गाते?”

त्या भोसल्यांच्या घरावर खुद्द नागपूरनंही आपलं एक लोकपुराण रचून ठेवलंय, आणि तेही गौरवाचं नाही. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, तान्ह्या पोळ्याला, इतवारीतून काळ्या आणि पिवळ्या मारबतीचे पुतळे निघतात. ‘इडा पीडा घेऊन जा गे मारबत’ म्हणत तिला गावाबाहेर नेऊन जाळतात. सोबत बडगे असतात, त्या वर्षी लोकांच्या डोक्यात ज्याचा राग असेल त्याचे पुतळे, महागाईपासून पुढाऱ्यांपर्यंत. काळी मारबत म्हणजे कोण, असं विचारलं तर एक म्हातारा सांगतो पूतना मावशी. दुसरा सांगतो बाकाबाई भोसले, जिनं इंग्रजांशी हातमिळवणी केली ती. दोघांनाही आपलंच खरं वाटतं आणि दोघंही एकाच मारबतीमागे चालतात. इतिहासाच्या पुस्तकात बाकाबाई वेगळीच दिसते. १८१८ नंतर अज्ञान राजाच्या नावानं कारभार पाहणारी, १८५४ मध्ये राज्य खालसा झालेलं डोळ्यांनी बघणारी विधवा. १८५८ मध्ये ती वारली. माझं मत विचाराल तर तिच्यावर थोडा अन्यायच झालाय. पण वर्षातून एकदा सगळ्या गावानं मिळून ओरडायला पुतळा लागतो, तहनामा चालत नाही.

ज्या गोंड राजानं, बख्त बुलंद शाहनं, अठराव्या शतकाच्या उंबरठ्यावर हे शहर वसवलं, त्याच्या लोकांची गोष्ट मात्र आपल्या घरांत क्वचित सांगतात. कपाटात आहे ती, पण इंग्रजीत. स्टीफन हिस्लॉप या मिशनऱ्यानं एका परधानाच्या, म्हणजे गोंडांच्या भाटाच्या, तोंडून लिंगोचं गाणं उतरवून घेतलं होतं, गुहेत कोंडलेल्या गोंडांना लिंगोनं कसं सोडवलं त्याचं. १८६३ मध्ये टाकळघाटची शिलावर्तुळं पाहून परतताना हिस्लॉप नाल्याच्या पुरात बुडाला. त्याची टिपणं रिचर्ड टेंपलनं १८६६ मध्ये छापली. हिस्लॉपच्या नावाचं कॉलेज नागपुरात आहे. तो परधान कोण होता, याची चौकशी करणारं पुस्तक माझ्या कपाटात तरी नाही, आणि असतं तर मी ते पहिल्या पानापासून वाचलं असतं.

आशियाच्या इतिहासाची माझी निम्मी पुस्तकं दीक्षाभूमीची. १४ ऑक्टोबर १९५६ ला, अशोक विजयादशमीला, बाबासाहेबांनी तिथं धम्मदीक्षा दिली, आणि दरवर्षी त्या दिवसांत तिथे पुस्तकांचा जो बाजार भरतो तसा मी दुसरीकडे पाहिलेला नाही. ताडपत्रीवर जातककथा, त्यांना खेटून संविधान, पलीकडे चिनी प्रवाशांची वर्णनं, मिलिंद राजाचे प्रश्न. विषयवार मांडणी नावालाही नाही. खेड्यातून आलेली बाई पोराला गोष्टींचं पुस्तक घेते आणि स्वतःसाठी एक जाडजूड उचलून पदरात बांधलेले पैसे सोडते. घासाघीस होते, पण पुस्तक परत ठेवलं जात नाही.

तिथंच ‘उदान’ या पाली ग्रंथाचा अनुवाद हाती लागला. आंधळे आणि हत्तीची गोष्ट त्यात आहे, श्रावस्तीच्या राजानं जन्मांधांना हत्ती चाचपायला लावला ती. कुणाला डोकं घागरीसारखं वाटतं, कुणाला पाय खांबासारखा, कुणाला शेपटीचा गोंडा झाडूसारखा. मग ते आपसांत गुद्द्यांवर येतात आणि राजाला भारी मजा वाटते. ही गोष्ट मी आधी वाचली होती महानुभावांच्या ‘दृष्टान्तपाठा’त. चक्रधरांचे ११४ दृष्टान्त केसोबासांनी तेराव्या शतकात एकत्र केले. आमच्या नागपूरच्या ह. ना. नेने यांनी विसाव्या शतकात हे वाङ्मय छापून आणलं, तोवर पंथानं ते सांकेतिक लिपीत राखलेलं होतं. दोन्ही पुस्तकं मी समोरासमोर ठेवली. मधे हजार-दीड हजार वर्षं, श्रावस्तीपासून रिद्धपूरपर्यंतचा मुलूख, दोन निराळे पंथ, दोन निराळ्या भाषा. उपमा इकडच्या तिकडे झाल्या, कुठे मुसळ आलं, कुठे भिंत. कान मात्र दोन्हीकडे सुपासारखा.

आत्या तेव्हा बाजूलाच तांदूळ पाखडत होती. मी जरा उत्साहानंच तिला हे सगळं सांगितलं, उदान, दृष्टान्तपाठ, मधली वर्षं. तिनं हातातलं सूप न थांबवता ऐकलं आणि म्हणाली, “हत्तीचा कान सुपासारखाच रायते, बाप्पा. दुसरं काय म्हनतीन?”