रडण्याआधी बाळ काय काय सांगतं : माझा अनुभव

दवाखान्यातून घरी आल्यावर मला सगळ्यात जास्त भीती वाटली ती बाळाच्या दचकण्याची. माझं माहेर चोपडा तालुक्यातलं. मार्च संपत आला होता, आणि आपल्या खान्देशात तेव्हा सकाळी दहालाच भिंती तापायला लागतात, म्हणून खिडकीत कूलर लावलेला. तो सुरू करताना खट् आवाज व्हायचा आणि गाढ झोपलेलं बाळ दोन्ही हात झटकन बाजूला फेकायचं. बोटं ताठ, डोकं किंचित मागे. मग हात थरथरत छातीजवळ यायचे, कुणाला तरी मिठी मारावी तसे, आणि लगेच रडू. आईने मीठ-मोहऱ्या ओवाळून टाकल्या. तिच्या जिवाला तेवढंच बरं वाटलं.

सातव्या दिवशी आशाताई आल्या. बाळंतपण दवाखान्यात झालं असेल तर तिसऱ्या, सातव्या, चौदाव्या, एकविसाव्या, अठ्ठाविसाव्या आणि बेचाळिसाव्या दिवशी त्या घरी येतात. मी आधी दचकण्याचंच विचारलं. त्या म्हणाल्या, "ताई, सगळीच बाळं दचकतात. दोन्ही हात सारखे उडतात ना, एवढं बघा." एकच हात उडत असेल, दुसरा तसाच पडून राहत असेल, तर बाळंतपणात खांद्याच्या नसेला किंवा गळ्याजवळच्या हाडाला इजा झालेली असू शकते, तेव्हा लगेच दाखवायचं. पुढे बालरोगतज्ज्ञांनी सांगितलं की याला मोरो प्रतिक्षिप्त क्रिया म्हणतात. अर्न्स्ट मोरो नावाच्या डॉक्टरांनी १९१८ मध्ये तिचं वर्णन केलं. चार ते सहा महिन्यांत ती आपोआप जाते. मोठा आवाज झाला किंवा डोकं एकदम खाली गेलं की ती होते. हे कळल्यावर मी बाळाला खाली ठेवायची पद्धत बदलली. आधी ढुंगण टेकवायचं, मग पाठ, शेवटी डोकं, आणि छातीवर थोडा वेळ हात तसाच ठेवायचा. निम्मं दचकणं तिथेच थांबलं.

आजी दुपट्यात पाय सरळ करून घट्ट बांधायची. बाळ शांत व्हायचं, हे खरं. पण पाय ताणून बांधले तर खुब्याच्या सांध्याला ते चांगलं नाही. म्हणून हात आत, कमरेखाली सैल, गुडघे वाकवता येतील असं गुंडाळायचं ठरलं. कुशीवर वळू लागल्यावर तेही बंद. झोपवायचं मात्र नेहमी पाठीवरच.

भुकेचं मला आजीनेच शिकवलं. पहिले दिवस मी बाळ रडलं की पाजायला घ्यायचे. आजी बाजेवर बसल्या बसल्या म्हणाली, "त्याले भूक लागनी व, त्यानं तोंड देख." बाळ रडत नव्हतं. ओठ चाटत होतं, जीभ बाहेर काढत होतं, मान एकदा या बाजूला, एकदा त्या बाजूला वळवत होतं आणि मूठ तोंडाकडे नेत होतं. गालाला बोट लावलं की तोंड उघडून त्याच बाजूला वळायचं. रडणं म्हणजे भुकेची शेवटची पायरी. तिथवर पोचलेलं बाळ चिडलेलं असतं, नीट तोंडात धरत नाही, मग आई रडकुंडीला येते. आधीच्या खुणेला घेतलं तर सगळंच सोपं. पोट भरत आलं की मुठी आपोआप सुटायच्या. सुरुवातीला घट्ट आवळलेली बोटं हळूहळू उघडून माझ्या छातीवर पसरायची. मला ती बोटं बघायची इतकी सवय लागली की किती मिनिटं पाजलं हे मोजणं मी सोडून दिलं. उन्हाळा असल्याने "दोन चमचे पाणी दे" म्हणणारे बरेच भेटले. सहा महिने फक्त अंगावरचं दूध, त्यातच पाणी असतं. बाळ दिवसातून सहा-सात वेळा शू करतंय, तिचा रंग फिका आहे, एवढं मी बघायचे आणि दिलासा मिळायचा.

तिसऱ्या आठवड्यात झोपेत हातपाय उडायला लागले. हे दचकण्यासारखं नव्हतं. आवाज नाही, काही नाही, तरी हात तीन-चार वेळा झटके दिल्यासारखा हलायचा. शेजारच्या काकू 'फेफरं' म्हणाल्या आणि माझ्या पोटात गोळा आला. नवऱ्याने भुसावळहून फोनवर एकच सांगितलं, "व्हिडिओ काढ." तो व्हिडिओ जळगावच्या डॉक्टरांना दाखवला. त्यांनी नीट बघितला आणि मलाच प्रश्न विचारले. हे फक्त झोपेतच होतं का? जागं केलं की थांबतं का? डोळे एका बाजूला फिरतात का, रंग निळसर पडतो का? फक्त झोपेत, जागं केल्यावर लगेच बंद, डोळे आणि रंग ठीक. असे झोपेतले झटके निरुपद्रवी असतात आणि काही महिन्यांत जातात, असं त्यांनी समजावलं. हनुवटी किंवा हात थरथरतो तेव्हा तो हळूच धरून बघायचा. धरल्यावर थांबला तर बहुधा काळजी नाही. धरूनही थांबला नाही, किंवा डोळे स्थिर झाले, तर तातडीने दवाखाना.

आणखी एक गोष्ट त्यांनी मुद्दाम सांगितली, ती मला प्रत्येक आईपर्यंत पोचावीशी वाटते. साधारण चार ते आठ महिन्यांच्या वयात, बहुधा झोपेतून उठल्या उठल्या, बाळ मान आणि अंग पुढे वाकवतं, हात फेकतं, सोडतं, आणि काही सेकंदांनी पुन्हा तेच, असं ओळीने होतं. वरवर ते दचकल्यासारखंच दिसतं. पण दचकणं एकदा होऊन थांबतं. हे मात्र एकामागून एक येत राहतं. तो 'वेस्ट सिंड्रोम' हा फेफऱ्याचा प्रकार असू शकतो. इंग्लंडच्या डॉ. वेस्ट यांनी १८४१ मध्ये आपल्या स्वतःच्या मुलात ते पाहून लिहिलं होतं. यात थांबून बघायचं नसतं, त्याच दिवशी डॉक्टर गाठायचा.

तेव्हापासून मी नुसती हालचाल बघणं सोडलं. त्याआधी काय झालं आणि नंतर काय झालं, हे बघू लागले. पाय पोटाशी घेणं म्हणजे पोटदुखी असं घरात सगळ्यांचं मत. पण पाय आखडून, चेहरा लाल करून कण्हलं, नंतर वायू सरला आणि बाळ हसरं झालं, तर त्यात काळजीचं काही नसतं. दूध पिताना किंवा प्यायल्यावर पाठ कमानीसारखी ताणून रडलं तर ढेकर अडकलेला असतो, किंवा दूध वर येत असतं. मग उभं धरायचं. संध्याकाळी दिवेलागणीला मात्र तो काही कारण नसताना रडायचा. साधारण सहा आठवड्यांच्या सुमारास असं रडणं सगळ्यात जास्त असतं आणि तीन-चार महिन्यांत ओसरतं, हे आधी माहीत असल्यामुळे मी तग धरू शकले.

आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, आली तेव्हा तो दीड महिन्याचा होता. मावश्या, आत्या, माहेरवाशिणी सगळ्या आलेल्या, निंबाला झोका बांधलेला, गौराईची गाणी, खापरावर पुरणपोळ्या, आमरस. बाळ या मांडीवरून त्या मांडीवर. पहिला अर्धा तास तो डोळे मोठे करून सगळ्यांकडे टकमका बघत होता, आत्याकडे बघून हसलासुद्धा. मग बघता बघता त्याने मान फिरवली. आत्या दुसऱ्या बाजूने समोर आली, त्याने परत फिरवली. उचकी लागली, लागोपाठ जांभया आल्या, आणि हाताची पाचही बोटं पंज्यासारखी ताणून समोर धरली. "झोप आली वाटतं," कुणीतरी म्हणालं. पण दूध पिऊन, झोप काढून तो तासाभरापूर्वीच उठला होता. त्याला पुरे झालं होतं. मी त्याला आतल्या अंधाऱ्या खोलीत नेलं, बोलले नाही, हलवलंही नाही, नुसतं छातीशी धरलं. थोड्या वेळात बोटं मिटली आणि तो माझ्याकडे बघू लागला. बाळाने तोंड फिरवलं की आपण त्याचा पाठलाग करू नये, हे मी त्या दिवशी आत्यालाही सांगितलं. तिला ते पटलं.

झोपेत हसला की आजी म्हणायची, सटवाई खेळवते आहे. डॉक्टर म्हणतात ते हलक्या झोपेतलं हसू. त्या झोपेत पापण्यांखाली बुबुळं फिरतात, श्वास कमी-जास्त होतो, कुईकुईही चालते. अशा वेळी लगेच उचललं की झोप मोडते. मी मनात वीसपर्यंत मोजायचे. बऱ्याचदा तो पुन्हा झोपून जायचा.

पुढे भुसावळला आलो. चौथ्या महिन्यात मूठ सारखी तोंडात असायची आणि सासूबाई "भुकेलाय" म्हणायच्या. पण पोट भरलेलं असायचं. त्याला आपले हात सापडले होते. तीच मूठ तोंडात, अर्थ मात्र बदललेला. आता सहा महिने झालेत, मुगाची खिचडी सुरू आहे. चमचा दिसला की पुढे झुकतो, तोंड उघडतो. पुरे झालं की ओठ मिटतो, मान वळवतो, चमचा ढकलतो. मग वाटी बाजूला. सासूबाई आता "अजून एक घास" म्हणत नाहीत.

चार महिने होऊनही मान धरत नसेल, मुठी सतत आवळलेल्या असतील, अंग फार ताठ किंवा फार लुळं वाटत असेल, वर्षाच्या आत बाळ एकच हात वापरत असेल, किंवा आधी येत असलेली गोष्ट करेनासं झालं असेल, तर 'मोठा झाला की होईल' म्हणून थांबू नका. २०१३ पासून राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात अशी तपासणी मोफत होते. आशाताई तिसऱ्या, सहाव्या, नवव्या, बाराव्या आणि पंधराव्या महिन्यातही येतात. शंका वाटलेली हालचाल फोनमध्ये घ्या, किती वाजता झाली आणि त्याआधी बाळ काय करत होतं ते लिहून ठेवा, आणि त्यांना दाखवा.